म्हस अशी बसत न्हाई

येत्या शनिवारी गडहिंग्लजला प्रयोग आहे, आणि म्हशीच्या स्किटचा शेवट काय करायचा यावरून परवा माझं आणि जोडीदाराचं पुन्हा वाजलं. तो म्हणतो, म्हैस उठू दे. मी म्हणतो, उठणार नाही. हा वाद २०१९ च्या महापुरापासूनचा आहे. त्या दिवशी काय झालं ते मी सलग असं कुणाला सांगितलेलं नाही. जोडीदाराला सांगायचा प्रश्न नव्हता, तो तिथंच होता. पण तो त्या आजींच्या पाठीमागं उभा होता आणि मी समोर. आम्ही दोघांनी त्या दुपारी दोन वेगळे प्रयोग बघितले असं मला आता वाटतं.

मी विनोदी नट आहे. सिनेमात हवालदार, तलाठी, नवऱ्या मुलाचा मामा अशी कामं करतो आणि वर्षाचे उरलेले दिवस स्किट. सुरुवात तालमीच्या गणपतीपुढं झाली, मग शिवाजी विद्यापीठाच्या युवा महोत्सवात लघुनाटिका आणि मूकनाट्य, मग राज्य नाट्य स्पर्धा, तिथनं सिनेमा. कोल्हापुरात या वाटेनं आलेले माझ्यासारखे पुष्कळ आहेत. हंस पिक्चर्स १९३६ साली इथंच उभी राहिली, दोन वर्षांनी आलेल्या त्यांच्या ‘ब्रह्मचारी’त दामुअण्णा मालवणकर होते. दादा कोंडके लोकनाट्य गाजवून सिनेमात आले ते भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’तून, १९६९ साली. म्हणजे स्टेजवरचा हशा कॅमेऱ्यापुढं कसा न्यायचा, हा प्रश्न या गावात आमच्या आजोबांच्या वेळेपासून आहे.

आणि तो प्रश्न किती अवघड आहे हे बाहेरच्यांना कळत नाही. सिनेमाच्या सेटवर हसायला कुणी नसतं. साउंड रोल झाला की श्वाससुद्धा जपून घ्यायचा. तुमचं काम जमलं तर लाइटदादांचे खांदे हलताना दिसतात, तोंडात रुमाल कोंबलेला असतो, बस तेवढीच पावती. थिएटरात सहा महिन्यांनी येणाऱ्या हशासाठी जागा आज अंदाजानं सोडायची. जास्त सोडली तर एडिटर कापतो, कमी सोडली तर पुढचं वाक्य हशात बुडतं. स्टेजवर ही भीती नाही. तिथं हशा कानाला दिसतो. तो चढतो, माथ्यावर येतो, उतरायला लागतो. पुढचं वाक्य उतारावर टाकायचं. माथ्यावर टाकलं तर ते वाहून जातं, पार तळाला गेल्यावर टाकलं तर सगळी चढण नव्यानं चढावी लागते. टीव्हीच्या स्किटला हे काहीच लागत नाही. दर तिसऱ्या वाक्याला पंच, आणि हशा मागनं चिकटवतात. मी तीन वर्षं ते केलं. त्यावर घर चाललं, पण कान बिघडले. स्टेजवर परत आल्यावर हशा ऐकायला पुन्हा शिकावं लागलं.

आमच्या स्किटचं नाव ‘वडगावचा बाजार’. वडगावच्या जनावरांच्या बाजारात एक शेतकरी म्हैस विकायला आणतो आणि हेड्या, म्हणजे जनावरांचा व्यापारी, येऊन भाव करतो. शेतकरी आणि हेड्या दोन्ही माझा जोडीदारच. टोपी घातली की शेतकरी, काढली की हेड्या. जनावरांच्या बाजारात भाव तोंडानं बोलत नाहीत, रुमालाखाली एकमेकांची बोटं धरून ठरवतात. जोडीदार रुमालाखाली स्वतःचाच हात धरतो, आणि टोपी न बदलता, नुसत्या चेहऱ्यावर, कुठला हात शेतकऱ्याचा आणि कुठला हेड्याचा ते शेवटच्या रांगेपर्यंत कळवतो. तेवढ्यासाठी मी स्वतः तिकीट काढीन. म्हैस मी. मुखवटा नाही, शिंगं नाहीत. काळा शर्ट आणि कमरेला मागं लोंबणारा एक टॉवेल. भाव ठरतो, पैसे मोजले जातात, आणि म्हैस खाली बसते. शेतकरी ओढतो, हेड्या ढकलतो, ती उठत नाही. ब्लॅकआउट.

ती म्हैस मी गंगावेशीच्या दूध कट्ट्यावर शिकलो. कोल्हापूरच्या बाहेरच्यांसाठी सांगतो, कट्ट्यावर गवळी म्हशी घेऊन येतात, तुमच्यासमोर धार काढतात आणि लोक पेलाभर दूध उभ्या उभ्या पितात. मी दोन महिने रोज संध्याकाळी तिथं जाऊन उभा राहायचो. रवंथ करताना म्हशीचा खालचा जबडा वरखाली होत नाही, आडवा फिरतो. पन्नासेक वेळा फिरला की थांबतो. घास गळ्यातून खाली जातो, दोन श्वास नुसते जातात, आणि मग पुढचा गोळा मानेतून वर चढताना दिसतो. तो वर चढणारा गोळा माणसाच्या गळ्यात आणायला मला सहा महिने लागले. हनुवटी आत घेऊन कंठमणी सावकाश वर उचलायचा आणि तो वर पोचेपर्यंत डोळे हलवायचे नाहीत. कान दोन्ही एकदम हलत नाहीत. आणि म्हैस बघत नाही, तिची नजर तुमच्यावर येऊन थांबते. दिवाळी पाडव्याला म्हशी पळवतात तेही बघून आलो. शिंगं रंगवलेली, मालक मोटारसायकलवरनं हाळी देत पुढं, आणि त्या गर्दीत आपल्याच मालकाचा आवाज धरून मागनं म्हैस सुटलेली. मान कुठल्या कोनात जाते ते मी तिथं उचललं.

इतकं बघितलं, पण कट्ट्यावर म्हैस उभी असते आणि पाडव्याला पळत असते. मी शिवाजी पेठेतला, घरी जनावर नाही. म्हैस बसताना मी जवळनं कधी पाहिलीच नव्हती. आणि पाहिली नाही हे माझ्या लक्षातही आलं नव्हतं. बसणं मी तालमीत मनानं केलं. मागचं अंग एकदम खाली, ढप्प, हात पुढं ताठ रोवलेले, आणि मग मान सावकाश वळवून प्रेक्षकांकडं बघायचं, पाच आकडे मोजेपर्यंत. पहिला प्रयोग २००८ साली केशवराव भोसले नाट्यगृहात झाला. शाहू महाराजांनी बांधलेलं, १९१५ साली उघडलेलं ते थिएटर. ढप्प बसलो आणि बाल्कनीतनं जो हशा आला तो पाच आकड्यांत संपेना, मी अकरापर्यंत मोजले. त्या दिवसापासून त्या बसण्यात आम्ही बोटभर बदल केला नाही. हशाची जागा सापडली की तिला हात लावायचा नाही, हे आमच्यात पहिल्या दिवसापासून शिकवतात.

२०१९ चा ऑगस्ट. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची धोक्याची पातळी ४३ फूट, आणि नदी ५५ च्या वर गेलेली. महामार्ग शिरोलीजवळ पाण्याखाली, पेट्रोल नाही, उपसा केंद्रं बुडाल्यामुळं शहराच्या नळाला पाणी नाही. प्रयाग चिखली, आंबेवाडीची माणसं बोटीतनं काढून शहरात आणली होती. एका मंगल कार्यालयात दोनशेक माणसं होती. एका मंडळाचा फोन आला, लोकांना थोडं हसवा, मन रमेल. असे फोन आले की मला राग येतो. आमचं काम म्हणजे डोक्यावर बाम चोळणं, असा या लोकांचा समज असतो. तिथं पोचलो तर चटया कमी होत्या आणि मंडळाचा बोर्ड मात्र लागलेला होता. तरी गेलो, कारण घरी बसून नुसतं पाणी किती चढलं ते विचारत राहण्यापेक्षा ते बरं वाटत होतं.

रिक्षातच मी जोडीदाराला सांगितलं, म्हैस करायची नाही. या लोकांची जनावरं मागं राहिली आहेत. त्याला पटलं. हॉलमध्ये ओल्या कपड्यांचा आणि खिचडीचा वास होता. आम्ही तलाठ्याचं स्किट केलं. पोरं हसली, बापयमाणसं भिंतीला टेकून बघत होती. संपवून नमस्कार करत होतो तेवढ्यात तिसऱ्या ओळीतनं आवाज आला.

“बाळा, ते म्हशीचं करा की.”

साठीच्या पुढच्या आजी होत्या. अंगावर कुणीतरी दिलेली नवी साडी, घडीच्या रेघा तशाच.

“आजी, ते आज नको.”

“का? आमच्या गणपतीत केलंतासा की. सगळ्या गावानं बघिटलंय.”

मागनं दोघी-तिघी म्हणाल्या, करा, करा. जोडीदारानं माझ्याकडं बघितलं. मी नाही म्हणायला हवं होतं का, हे मी आजही ठरवू शकत नाही. तिला स्किटमध्ये काय आहे ते माहीत होतं. शेवटाला म्हैस बसते आणि उठत नाही, हेही माहीत होतं. आणि मागत तीच होती.

केलं. रवंथाला एरवी पहिला हशा येतो, तिथं आला नाही. दोनशे माणसं गप्प राहून माझ्या जबड्याकडं बघत होती. एक म्हातारे शेजारच्याला म्हणाले, “बरी चावतीया.” ती दाद होती, आणि माझ्या उभ्या कारकिर्दीत रवंथाला इतकी खरी दाद मिळालेली नाही. रुमालाखालचा भाव झाला. बापयमाणसं तिथं मोकळी हसली. मग मी बसलो. ढप्प. पोरं हसली. मान वळवून मी पाच मोजायला सुरुवात केली आणि तीनवर आजी उठल्या.

“थांब रं. म्हस अशी बसत न्हाई. कुत्रं बसतंय असं.”

त्या पुढं आल्या. स्टेज म्हणजे वीतभर उंचीचा ओटा होता, तिथं चढल्या नाहीत, खाली सतरंजीवरच उभ्या राहिल्या. पदर कमरेला खोचला. “आदी फुडचं गुडघं मोडती. मग मागलं आंग टाकती. बघ.”

त्यांनी मान खाली घातली, जमीन हुंगावी तशी. मग हाताचा आधार घेत उजवा गुडघा टेकला. मग डावा. मग थांबल्या. पुढचं अंग खाली, मागचं वर, आणि सगळा भार आता कुठल्या कुशीवर सोडायचा ते ठरत नाही असा तो थांबा होता. मी आकडे मोजत नव्हतो, म्हणून तो किती वेळ होता ते सांगता येत नाही. मग डाव्या कुशीवर मागचं अंग सोडलं. आवाज झाला नाही. नाकातनं एक लांब श्वास टाकला आणि मान किंचित वर धरून बसल्या. जबडा हलवला नाही, कान नाहीत, शेपूट नाही. माझ्याकडच्या युक्त्यांमधली एकही त्यांनी वापरली नाही. फक्त वजन कुठनं कुठं गेलं ते दिसलं, आणि समोर म्हैस होती.

पाठीमागनं एक बाई ओरडल्या, “आगं बया, हिचीच म्हस की गं ही!”

आणि हॉल हसला. भिंतीला टेकलेले, कोपऱ्यात पडलेले, सगळे. त्यांनी कुठली तरी म्हैस नाही, एक म्हैस ओळखली होती, गल्लीतली, रोज दारापुढनं जाणारी. नकलेला येणारा हशा मला माहीत आहे, पण ओळख पटल्याचा असा हशा मी त्याआधी ऐकला नव्हता. मीही हसलो. जोडीदार तर डोळे पुसत होता.

हा हशा उतारावर आलाच नाही. माथ्यावरच बंद झाला. सगळ्यांना एकदम काहीतरी आठवलं असावं तसा. मला तेव्हा कळलं नाही.

आजी बसलेल्याच होत्या. माझ्याकडं बघत, हळू आवाजात, बाकीच्यांना ऐकू जाणार नाही अशा बेतानं म्हणाल्या, “अशी बसली बघ. बोटवालं हाका मारत्यात, दावं सोडलंय, आन ही पानी बघून खाली बसली. तिला वाटलं डुंबाय सोडलीया.”

मी काही बोललो नाही. अजूनही त्या जागेला बोलायचं वाक्य मला सापडलेलं नाही.

“आन उठताना उलटं. मागलं आदी उठतंय. ध्येनात ठेव,” म्हणाल्या. पण उठून दाखवलं नाही. गुडघे धरले असतील. थोड्या वेळानं दोघीजणींनी काखेत हात घालून उठवलं. जोडीदारानं टाळ्या वाजवल्या, मग बाकीच्यांनीही वाजवल्या. चहाच्या वेळी आजींनी मला विचारलं, “शिनेमात बी असतूस म्हनं. किती मिळत्यात रं?” मी खरा आकडा सांगितला. “दुदापेक्षा बरं हाय,” म्हणाल्या.

परतताना रिक्षात जोडीदार म्हणाला, आजचा प्रयोग आपल्या आयुष्यातला सगळ्यात चांगला. त्यानं पाठमोरी बाई आणि हसणारा हॉल एवढंच बघितलं होतं. मी त्याला ते वाक्य सांगितलं. तो बिंदू चौकापर्यंत गप्प बसला.

त्यानंतर मी बसणं बदललं. शिकायला महिनाभर एका गोठ्यावर जात होतो. माणसाच्या शरीराला ते अवघड आहे. कोपरं मोडून छाती खाली न्यायची आणि कंबर वर अडकवून ठेवायची, सगळा ताण मांडीच्या मागच्या शिरेवर. पण दिसायला लागलं. आणि हशा कमी झाला. शहरातल्या थिएटरात तर निम्म्यावर आला. जोडीदार चिडला, म्हणाला, अकरा वर्षं कमावलेली जागा तू मारलीस. त्याचं चूक नाही. पण गावाकडच्या प्रयोगात, जिथं गोठे आहेत तिथं, मी गुडघे टेकून थांबलो की हशाच्या आधी एक बारीक आवाज येतो. “हां.” पन्नास-साठ माणसं एकदम “हां” म्हणतात, आणि मग हसतात. अकरा वर्षं हीच गावं माझ्या चुकीच्या बसण्यावर हसली होती. त्यांना चूक दिसत नव्हती असं नाही. पाहुण्याला कोण सांगणार, म्हणून सोडून देत होती. एकानं तरी सांगायला हवं होतं.

तीन वर्षांनी एका सिनेमात तोच प्रसंग आला. दिग्दर्शकानं आमचं स्किट जुन्या व्हिडिओत बघितलं होतं. मास्टर शॉटला मी नवीन बसणं दिलं. मॉनिटरमागनं आवाज आला, “दादा, ते व्हिडिओतलं द्या ना.” मी समजावलं की म्हैस तशी बसत नाही. तो म्हणाला, “म्हशी तिकीट काढणार नाहीत.” युनिट हसलं. चार टेक झाले. ऊन उतरत होतं, लाइटवाल्यांची शिफ्ट संपत होती, आणि मी पाचव्या टेकला ढप्प बसलो. तो सिनेमात आहे. लोक मला रस्त्यात थांबवून त्याबद्दल बोलतात. मला त्या टेकची लाज वाटते, आणि पुन्हा तीच वेळ आली तर काय करीन ते मी छातीवर हात ठेवून सांगू शकत नाही. नट सेटवर पगारी माणूस असतो. स्टेजवर तेवढं माझ्या हातात आहे, म्हणून तिथं सोडत नाही.

२०२४ साली ८ ऑगस्टच्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती. मी रात्री तिथं जाऊन उभा राहिलो, आमच्यातले सगळेच आले होते, पुष्कळ जण रडत होते. ज्या फळ्यांवर मी पहिल्यांदा ते चुकीचं बसणं केलं त्या फळ्या समोर पेटलेल्या होत्या. नवं बसणंही मी तिथं पुष्कळदा केलं होतं, पण त्या रात्री मला आठवला तो पहिलाच हशा, अकरा आकड्यांचा.

जोडीदाराचं म्हणणं असं आहे: म्हशी पोहतात. पुरात सुटलेली जनावरं कुठं कुठं काठाला लागलेली मिळाली. ती वाचली असेल. मग आपली का उठू नये? तू उठायचं शिकलायस, मला माहीत आहे. शिकलो आहे हे खरं. मागचं अंग आधी वर, पुढचे गुडघे टेकलेलेच, एक क्षण तसंच, आणि मग पुढचा एकेक पाय. रोज सकाळी करतो. आजींनी सांगितलं होतं, दाखवलं नव्हतं, म्हणून ते गोठ्यात बघून घ्यावं लागलं.

आजींच्या गावी, चिखलीला, मी गेलो नाही. पाणी ओसरल्यावर जाता आलं असतं, कोल्हापूरपासून ती लांब नाही. नाव माहीत नसलं तरी गल्लीत कुणीही घर दाखवलं असतं, त्या दिवशी सगळ्यांनी म्हैस ओळखली होती. जाऊन आजींना काय विचारायचं, तिथं माझं अडतं. आणि विचारल्याशिवाय स्टेजवर म्हैस उठवायची हे मला जमत नाही.

परवाच्या भांडणात हे सगळं पुन्हा झालं. शेवटी जोडीदार काही न बोलता निघून गेला. आज लाइटवाल्याचा फोन आला होता. जोडीदारानं त्याला सांगून ठेवलंय, शनिवारी म्हैस बसली की ब्लॅकआउट लगेच मारू नको, मी खूण करेपर्यंत थांब.